टॅबचा ओळंबा

टॅबबद्दल दोन तक्रारी घरोघरी ऐकू येतात आणि गंमत अशी की त्या एकमेकींच्या अगदी उलट आहेत. पहिली अंथरुणातली. कुशीवर वळून वाचायला सुरुवात करावी, तर स्क्रीनही वळते आणि ओळी हनुवटीकडून कपाळाकडे चढू लागतात. दुसरी स्वयंपाकघरातली. ओट्यावर सपाट ठेवलेला टॅब पाककृती नीट दिसावी म्हणून गोल फिरवावा, तर टॅब फिरतो आणि चित्र मात्र ढिम्म जागचं हलत नाही. नको तेव्हा फिरतो, हवा तेव्हा फिरत नाही. मग ‘याचा सेन्सर गेलाय’ असा निकाल देऊन टॅब दुरुस्तीच्या दुकानात जातो. तिथे एक बटण दाबल्यावर तो ‘दुरुस्त’ होतो आणि आठवडाभराने पुन्हा तसाच वागतो.

वरच्या दोन्ही प्रसंगांत टॅबने काहीच चूक केलेली नाही. त्याला समोरचा माणूस दिसत नाही, जमीन कोणत्या बाजूला आहे एवढंच कळतं. वाचणाऱ्याचे पाय जमिनीकडे आणि डोकं आभाळाकडे असणार हा त्याचा अंदाज, आणि तो बहुतेक वेळा खरा ठरतो म्हणूनच आपण त्याला हुशार समजतो. माणूस आडवा झाला की अंदाज फसतो. टॅबच आडवा झाला की अंदाज बांधायला आधारच उरत नाही. ‘स्क्रीन का फिरत नाही?’ या प्रश्नाचा शोध म्हणूनच यंत्र उघडून सुरू करायचा नसतो. फिरवायचं की नाही, हे या क्षणी कोण ठरवतंय, तिथून तो सुरू करायचा.

गवंड्याची दोरी, सिलिकॉनची

भिंत सरळ उभी राहते आहे का हे पाहायला गवंडी ओळंबा सोडतो. दोरीच्या टोकाला वजन, आणि वजन ओढलं जाईल ती खालची दिशा. टॅबमध्येही एक ओळंबा असतो, फक्त तो दोन-तीन मिलिमीटरच्या चिपमध्ये कोरलेला असतो. त्याला अ‍ॅक्सेलरोमीटर म्हणतात, मराठीत त्वरणमापक म्हणता येईल. सिलिकॉनचा एक सूक्ष्म ठोकळा सिलिकॉनच्याच बारीक स्प्रिंगांवर तोलून धरलेला असतो. ठोकळ्याला फणीसारखे दात असतात आणि समोरच्या पक्क्या चौकटीलाही तसेच दात असतात. दोन फण्या एकमेकींत न टेकता घुसवल्या, तर दातांमध्ये बारीक फटी राहतील, तशी ही रचना. टॅब कलला की ठोकळा आपल्या वजनाने किंचित सरकतो, एका बाजूच्या फटी अरुंद होतात, दुसऱ्या बाजूच्या रुंदावतात. हे सरकणं केसाच्या जाडीच्या शंभराव्या भागाहूनही कितीतरी कमी असतं. तरीही फट बदलली की दातांमध्ये साठणारा विद्युतभार बदलतो, आणि तेवढा बदल मोजणं इलेक्ट्रॉनिक्सला सहज जमतं.

अशी मोजणी तीन दिशांना होते: स्क्रीनच्या रुंदीच्या, उंचीच्या आणि जाडीच्या. टॅब उभा धरला तर पृथ्वीची जवळजवळ सगळी ओढ उंचीच्या दिशेत नोंदली जाते आणि तिथे आकडा येतो ९.८ (मीटर प्रति सेकंद प्रति सेकंद). आडवा धरला की तोच आकडा रुंदीच्या दिशेत जातो. पाठीवर सपाट ठेवला की जाडीच्या दिशेत. मधल्या कोणत्याही अवस्थेत ही ओढ तिन्ही दिशांत वाटली जाते आणि त्या वाटणीवरून कल किती हे काढता येतं. असे सेन्सर टॅबसाठी जन्मले नाहीत. १९९०च्या दशकात ते मोटारींच्या एअरबॅगमध्ये बसू लागले, धडक झाल्याचं क्षणार्धात ओळखायला. २००७मध्ये आयफोनने आणि २०१०मध्ये आयपॅडने चित्र आपोआप फिरवण्याचं काम त्यांना दिलं आणि ते लोकांच्या इतकं अंगवळणी पडलं की न फिरणारी स्क्रीन आता मोडकी वाटते.

एसटी घाटात वळली की

ओळंब्याची एक मर्यादा कोणीही पाहिलेली असते. बसने करकचून ब्रेक मारला की वरच्या कड्या पुढे झुकतात. त्या क्षणी एखाद्या कडीला विचारलं, ‘खाली कुठे?’, तर ती तिरकं बोट दाखवेल. वजनाची ओढ आणि वेगातल्या बदलाचा धक्का यांत कडीला फरक करता येत नाही, आणि सिलिकॉनच्या ठोकळ्यालाही नाही. हा काही स्वस्त सेन्सरचा दोष नव्हे. बंद खोलीत बसून या दोहोंत फरक करताच येणार नाही, ही कल्पना आइनस्टाइनला १९०७मध्ये सुचली आणि पुढे तिच्यावर गुरुत्वाकर्षणाचा अख्खा सिद्धांत उभा राहिला. त्याचं दुसरं टोक अवकाशात दिसतं. अंतराळ स्थानक जमिनीपासून सुमारे ४०० किलोमीटरवर फिरतं आणि तिथे पृथ्वीची ओढ जमिनीवरच्या सुमारे नव्वद टक्के असते, पण स्थानक आणि त्यातली प्रत्येक वस्तू एकत्रच ‘पडत’ असल्याने ठोकळा कोणत्याच बाजूला सरकत नाही. तिथे टॅबला ‘खाली’ सापडणारच नाही.

आपल्या कामाचा हिशेब घाटातला आहे. वळणाची त्रिज्या ३५ मीटर आणि बसचा वेग ताशी ३० किलोमीटर धरला, तर बाहेरच्या बाजूला सुमारे २ची ओढ जाणवते, म्हणजे पृथ्वीच्या ओढीचा पाचवा हिस्सा. टांगलेला ओळंबा तेवढ्याने ११-१२ अंश कलेल. टॅब उभा धरलेला असेल तर या कलण्याने त्याचं मत बदलत नाही. मांडीवर जवळजवळ सपाट ठेवलेल्या टॅबची गोष्ट वेगळी. तो जमिनीशी फक्त सहा अंशांचा कोन करत असेल, तर स्क्रीनच्या प्रतलात पृथ्वीच्या ९.८पैकी जेमतेम १ उरतो, आणि त्याच्यासमोर वळणाची बाजूची ओढ २, दुप्पट. अशा वेळी सेन्सरवर भाबडेपणाने विश्वास टाकला तर प्रत्येक वळणावर पान फिरेल. टॅबचं सॉफ्टवेअर असं करत नाही, कारण सेन्सरचं म्हणणं ते जसंच्या तसं मान्य करत नाही.

टाकीचा पंप आणि पंचेचाळीस अंश

सोसायटीच्या गच्चीवरच्या टाकीचा पंप आपोआप सुरू-बंद होतो तेव्हा सुरू होण्याची आणि बंद होण्याची खूण एकच ठेवत नाहीत. एकच ठेवली तर पाणी त्या खुणेपाशी हिंदकळलं की पंप सारखा चालू-बंद होत राहील. म्हणून खालच्या खुणेला सुरू, वरच्या खुणेला बंद, आणि मधल्या पट्ट्यात आहे ते चालू द्यायचं. टॅबही हेच करतो. उभं आणि आडवं यांची बरोबर मधली रेषा ४५ अंशांवर आहे, पण टॅब तिथे बाजू बदलत नाही. अँड्रॉइडच्या खुल्या कोडमध्ये या मधल्या पट्ट्याची रुंदी ४५ अंश ठेवलेली आहे. म्हणजे उभ्या टॅबला आडवा मानण्यासाठी तो साधारण ६७ अंशांपर्यंत वळवावा लागतो, आणि परत यायचं असेल तर उलट बाजूने तितकाच. अर्धवट वळवून वाट बघणाऱ्याला टॅब मंद वाटतो, खरं तर तो मुद्दाम पट्ट्यात थांबलेला असतो.

याखेरीज आणखी चाळण्या आहेत. तिन्ही दिशांची मिळून ओढ ९.८च्या फार वर किंवा फार खाली गेली तर टॅब हलतोय, आदळतोय किंवा पडतोय असं धरून ती मोजमापं बाद केली जातात. सपाट ठेवलेला टॅब उचलला की साधारण अर्धा सेकंद त्याच्या बोलण्याकडे दुर्लक्ष केलं जातं, कारण उचलताना हात वेडावाकडा जातो. आणि टॅब जमिनीशी जवळजवळ समांतर असेल तर निर्णय घ्यायचाच नाही, आधीची स्थिती कायम ठेवायची. घाटातल्या हिशेबाचं उत्तर हे आहे, आणि ओट्यावरच्या तक्रारीचंही.

ओट्यावर का फिरत नाही

सपाट टॅब टेबलावर कितीही फिरवा, पृथ्वीची ओढ पाठीतून आरपार खालीच जाते. रुंदीच्या आणि उंचीच्या दिशेतले आकडे शून्याच्या आसपास घुटमळत राहतात. भोवऱ्यासारखी फिरणारी वस्तू फिरते आहे हे ओळंब्याला कळण्याचा मार्गच नाही. उताणं पडून चेहऱ्यावर धरलेल्या टॅबचीही हीच कथा, फक्त उलट्या तोंडाने. इलाज सोपा आहे. टॅब उचलायचा, भिंतीवरच्या तसबिरीसारखा हव्या त्या बाजूने उभा धरायचा, सेकंदभर थांबायचं, चित्र वळलं की तसाच अलगद खाली ठेवायचा. सपाट झाल्यावर तो शेवटचं उत्तर धरून बसतो.

इथे जाणकार वाचक हरकत घेईल, आणि ती रास्त आहे. टॅबमध्ये जायरोस्कोपही असतो. आयपॅडमध्ये तो २०११च्या दुसऱ्या पिढीपासून आहे. जायरोस्कोप फिरण्याचा वेग मोजतो, त्याला पृथ्वीच्या ओढीशी देणंघेणं नाही, मग टेबलावर नव्वद अंश फिरलेला टॅब त्याला सहज ओळखता यायला हवा. ओळखता येतोच. अडचण त्याच्या पुढची आहे. टॅब फिरला हे जायरोस्कोप सांगेल, पण त्याच्यासोबत वाचणाराही फिरला का, हे सांगणार नाही. मांडीवर टॅब घेऊन बसलेल्या माणसाची रिक्षा चौकात डावीकडे वळली, तर टॅब जमिनीच्या हिशेबाने नव्वद अंश फिरला, आणि माणूसही तेवढाच फिरला. जायरोस्कोपचं ऐकून पान वळवलं तर ते चुकीचंच ठरेल. शिवाय फिरण्याचा वेग जोडत जोडत दिशा काढली की बारीक चुकाही जोडल्या जातात आणि काही वेळाने उत्तर भरकटतं. जायरोस्कोप हालचाल गुळगुळीत समजून घ्यायला उपयोगी आहे, ‘वर’ कुठे हे ठरवायला नाही.

याच कोड्याची सावत्र बहीण फोटोंमध्ये सापडते. टेबलावर ठेवलेल्या सातबाऱ्याचा किंवा गुणपत्रिकेचा वरून फोटो काढला की पुष्कळदा तो आडवा येतो आणि व्हॉट्सॲपवर पाठवल्यावर समोरच्याला मान वाकडी करावी लागते. कॅमेरा चित्र टिपतो आणि फाइलमध्ये एक छोटी खूण लिहून ठेवतो: दाखवताना हे इतकं वळवून दाखवा. ही खूण ओळंब्याला विचारूनच लिहिली जाते. कागदावर ओणवा धरलेला टॅब जमिनीला समांतर असतो, ओळंबा मुका असतो, मग खूण जुन्या अंदाजाने लिहिली जाते. फोटो काढण्याआधी टॅब क्षणभर उभा करून मग कागदावर न्यावा, किंवा कागदच भिंतीला टेकवून उभा ठेवावा.

ओळंब्यानंतरचे तिघे

आतापर्यंत आपण दोघांना भेटलो: मोजणारा सेन्सर आणि त्याचं म्हणणं पारखून घेणारं सॉफ्टवेअर. त्यांच्यानंतर आणखी दोघांचा शब्द चालतो, वापरणाऱ्याने लावलेल्या कुलपाचा आणि उघडलेल्या ॲपचा. न फिरणाऱ्या टॅबचं कारण बहुतेक वेळा याच दोघांत सापडतं, म्हणून शोधही तिथूनच सुरू करणं शहाणपणाचं. आधी कुलूप, मग ॲप, मग टॅब बंद करून पुन्हा चालू करणं, आणि सेन्सरवर संशय सगळ्यात शेवटी. दुकानात हा क्रम नेमका उलटा होतो, कारण ग्राहक येतानाच ‘सेन्सर गेला’ हे निदान घेऊन आलेला असतो.

कुलपाचा इतिहास छोटा पण बोलका आहे. २०१०च्या पहिल्या आयपॅडच्या कडेला एक सरकतं बटण होतं, स्क्रीन जागच्या जागी बांधून ठेवण्यासाठी. त्याच वर्षाच्या नोव्हेंबरमध्ये आलेल्या सॉफ्टवेअरने त्याच बटणाला आवाज बंद करण्याचं काम दिलं. कुशीवर वाचणारे चिडले. मार्च २०११मध्ये आलेल्या पुढच्या आवृत्तीत कोणतं काम हवं ते सेटिंगमध्ये निवडण्याची मुभा मिळाली. २०१४च्या आयपॅड एअर २मध्ये बटणच नाहीसं झालं. एका बटणावरून एवढी ओढाताण झाली, कारण प्रश्न शेवटी हाच होता: पान कोणाच्या हुकमाने वळणार?

*चौकट: कुलूप कुठे असतं?*
*आयपॅडवर वरच्या उजव्या कोपऱ्यातून बोट खाली ओढलं की कंट्रोल सेंटर उघडतं. गोल बाणाच्या आत कुलूप असलेलं चिन्ह म्हणजे हेच. आयपॅड ज्या अवस्थेत असेल त्याच अवस्थेत बांधला जातो, त्यामुळे आधी हवा तसा वळवून मग कुलूप लावावं. कडेचं बटण असलेल्या जुन्या आयपॅडवर त्या बटणाला दिलेलं काम सेटिंगच्या ‘जनरल’मध्ये तपासावं. अँड्रॉइडवर वरून पट्टी खाली ओढल्यावर ‘ऑटो-रोटेट’चं चिन्ह असतं. सॅमसंगच्या टॅबवर हेच चिन्ह बंद असताना ‘पोर्ट्रेट’ किंवा ‘लँडस्केप’ असं नाव दाखवतं, त्यामुळे शोधणाऱ्याला ते सापडत नाही. विंडोजच्या टॅबवर सेटिंगमध्ये ‘सिस्टिम’, मग ‘डिस्प्ले’, आणि तिथे ‘रोटेशन लॉक’. कीबोर्ड जोडलेला असताना हा पर्याय फिका दिसतो आणि दाबला जात नाही. तो बिघाड नव्हे, कीबोर्ड काढला की पर्याय परत येतो.*

ॲपचा हट्ट

कुलूप उघडं आहे, होमस्क्रीन फिरते आहे, एकच ॲप फिरत नाही. अशा वेळी टॅबकडे पाहूच नये. प्रत्येक ॲप बनवणारा आपलं ॲप कोणकोणत्या अवस्थांत चालेल हे आधीच लिहून ठेवतो. ‘फक्त उभं’ असं लिहिलं असेल तर टॅब उलटापालटा केला तरी ते उभंच राहणार. बँकांची आणि सरकारी सेवांची अनेक ॲप फोन डोळ्यांपुढे ठेवून बनवलेली असतात आणि टॅबवरही फोनसारखीच वागतात. इन्स्टाग्रामचं खास आयपॅडसाठीचं ॲप २०२५मध्ये आलं. तोवर आयपॅडवर फोनचंच उभं ॲप काळ्या मोकळ्या जागेच्या मधोमध चालवावं लागे. उलट दिशेचाही हट्ट असतो. अँड्रॉइडवर कुलूप लावलेलं असताना व्हिडिओ पूर्ण स्क्रीनवर नेला की तो आडवा होतो. कुलूप मोडलं असं वाटतं. प्रत्यक्षात कुलूप फक्त ओळंब्याचं तोंड बंद करतं. ॲपने स्वतः ‘मला आडवं करा’ म्हटलं तर त्यावर त्याचा अंमल नसतो.

ॲपच्या या मक्तेदारीला आता लगाम बसतो आहे. २०२५च्या अँड्रॉइड १६ने ठरवलं की मोठ्या स्क्रीनवर, या आवृत्तीसाठी बनवलेल्या ॲपचा ‘फक्त उभं’ किंवा ‘फक्त आडवं’ हा आग्रह मानायचा नाही. खेळांना यातून वगळलं आहे आणि बनवणाऱ्यांना काही काळ सूट मागता येते. जुनी ॲप मात्र अजून आपल्याच हेक्याने चालतील. त्यांच्यावर एक उपाय करून पाहण्यासारखा आहे. दोन ॲप शेजारी-शेजारी उघडण्याच्या सोयीत अँड्रॉइड ॲपचा दिशेचा आग्रह बाजूला ठेवतं. अडून बसलेलं ॲप असं अर्ध्या जागेत उघडलं की बऱ्याचदा वळतं. दिसायला ते बेंगरूळ असेल, पण फॉर्म भरला जातो.

फॉर्मचा विषय निघालाच आहे तर आणखी एक गोष्ट. अर्धा अर्ज भरून झाल्यावर टॅब वळतो आणि भरलेले रकाने कोरे होतात, याचं कारण रंगमंचावरून समजतं. उभ्याचं आडवं करणं म्हणजे आहे ते चित्र नुसतं वळवणं नाही. नेपथ्य उतरवून नव्या मापाच्या मंचावर सगळं पुन्हा मांडावं लागतं. अँड्रॉइड तर मूळ पद्धतीनुसार त्या क्षणी ॲपचा समोरचा भाग मोडून पुन्हा उभारतं. नटाने ‘आपण कोणत्या वाक्यावर होतो’ हे लक्षात ठेवलं असेल तर प्रेक्षकाला खंड जाणवत नाही. ॲपच्या बनवणाऱ्याने ती काळजी घेतली नसेल तर नाटक पहिल्या वाक्यापासून सुरू होतं. लांबलचक अर्ज भरण्याआधी कुलूप लावून घ्यावं, हा सल्ला यातून येतो.

मग कायमचंच कुलूप का लावू नये?

हा प्रश्न विचारणाऱ्यांची बाजू भक्कम आहे. टीव्ही फिरत नाही, लॅपटॉप फिरत नाही, पुस्तकही आपलं आपण वळत नाही, मग टॅबनेच ही कसरत का करावी? उत्तर मापात आहे. बऱ्याच आयपॅडची स्क्रीन चारास तीन या प्रमाणाची असते आणि आजचा व्हिडिओ सोळास नऊ. टॅब आडवा धरला तर व्हिडिओ स्क्रीनचा ७५ टक्के भाग व्यापतो, उभा धरला तर फक्त ४२ टक्के. आता दिवाळी अंकाची पीडीएफ घ्या, ए-फोर मापाची. उभ्या टॅबवर तिचं अख्खं पान ९४ टक्के जागा भरतं, आडव्यावर जेमतेम ५३ टक्के, आणि देवनागरीच्या वेलांट्या-मात्रा त्या मापात वाचायच्या तर डोळे ताणावे लागतात. एकाच यंत्रावर रात्री सिनेमा आणि दुपारी वाचन होत असेल तर एकाच अवस्थेत बांधणं म्हणजे दोहोंपैकी एका वेळी अर्धी स्क्रीन वाया घालवणं. जो टॅब फक्त वाचायला किंवा फक्त स्टँडवर ठेवून बघायला वापरला जातो त्याला मात्र कायमचं कुलूप खुशाल लावावं. अँड्रॉइडमध्ये मधला मार्गही आहे. २०१८च्या अँड्रॉइड ९पासून कुलूप असताना टॅब वळवला की तळाच्या पट्टीत एक छोटं वळणाचं चिन्ह उमटतं. दाबलं तर पान वळतं, नाही तर थोड्या वेळाने ते नाहीसं होतं. ओळंबा सुचवतो, बोट ठरवतं. माझ्या मते आजवरच्या सगळ्या तोडग्यांत हा सर्वांत समजूतदार आहे आणि दुर्दैवाने सर्वांत कमी लोकांना माहीत आहे.

दुसरी सूचना जास्त महत्त्वाकांक्षी आहे: टॅबला समोर कॅमेरा आहे, मग माणसाचा चेहरा पाहूनच दिशा का ठरवू नये? हे करून पाहिलेलं आहे. २०२१च्या अँड्रॉइड १२मध्ये पिक्सेल फोनना ही सोय मिळाली. फोन वळला की पुढचा कॅमेरा क्षणभर चेहरा शोधतो आणि चेहऱ्याच्या दिशेने पान ठेवतो. चित्र फोनमध्येच तपासलं जातं, साठवलं जात नाही. कुशीवर वाचणाऱ्याचा प्रश्न याने खरोखर सुटतो. पण दिवा घालवून वाचणाऱ्याचा अंधार, कॅमेऱ्याच्या चौकटीबाहेर राहणारा चेहरा आणि कॅमेरा उघडण्याला अनेकांचा असलेला आक्षेप, यामुळे हा ओळंब्याचा मदतनीस होऊ शकतो, त्याच्या जागी येऊ शकत नाही. ओट्यावर सपाट पडलेल्या टॅबच्या कॅमेऱ्याला तर बहुधा छतावरचा पंखाच दिसेल.

खरोखर बिघडला असेल तर

कुलूप उघडं आहे, अनेक ॲप तपासून झाली, टॅब बंद करून पुन्हा चालू केला, तरी काहीच फिरत नाही, किंवा एकाच बाजूला अडकून बसलं आहे. आता सेन्सरकडे वळायला हरकत नाही. पुन्हा चालू करण्याला लोक टोटका समजतात, पण त्यामागे कारण आहे. सेन्सरकडून आकडे गोळा करणारा कार्यक्रम पार्श्वभूमीवर अखंड चालतो, तो अडकला तर ठणठणीत सेन्सरही मुका होतो, आणि नव्याने चालू झाल्यावर तो भागही नव्याने सुरू होतो. अँड्रॉइडवर सेफ मोडमध्ये, म्हणजे नंतर घातलेली ॲप झोपवून, टॅब चालवून पाहता येतो. तिथे स्क्रीन फिरली तर दिशा बांधून ठेवणारं एखादं घातलेलं ॲपच दोषी.

सेन्सरची परीक्षा घरी घेता येते. सेन्सरचे आकडे दाखवणारी मोफत ॲप मिळतात. त्यातलं एक उघडून टॅब तीन अवस्थांत स्थिर धरायचा: उभा, आडवा, सपाट. प्रत्येक अवस्थेत तीनपैकी एका आकड्याने ९.८च्या जवळ जायला हवं आणि इतर दोघांनी शून्याच्या जवळ. कोणत्या अवस्थेत कोणता आकडा वाढेल हे मात्र ठरवून ठेवू नये. अनेक टॅबची मूळ अवस्था आडवी मानलेली असते, त्यामुळे फोनशी तुलना केली तर रुंदी-उंचीची अदलाबदल झालेली दिसते. आकडे तिन्ही अवस्थांत तसेच राहिले, किंवा सगळे शून्यावर गोठले, तर मात्र दुरुस्तीवाल्याकडे जावं, आणि जाताना हे आकडे सांगावेत. दोन गैरसमज तिथेच मिटवता येतील. चुंबक असलेल्या कव्हरने ओळंबा बिघडत नाही. चुंबकाचा परिणाम होकायंत्रावर होतो, आणि कव्हर मिटल्यावर स्क्रीन झोपवणाऱ्या वेगळ्या सेन्सरवर. हवेत इंग्रजी आठचा आकडा काढण्याचा उपायही होकायंत्रासाठीचा आहे, पान फिरवण्याशी त्याचा संबंध नाही.

दुरुस्तीचा खर्च टॅबच्या किमतीला भिडत असेल तरी टॅब टाकून द्यायची गरज नाही. विंडोजवर ‘डिस्प्ले ओरिएंटेशन’मध्ये दिशा हाताने निवडता येते. अँड्रॉइडवर दिशा बांधून देणारी ॲप आहेत, वर ज्यांना दोषी ठरवलं तीच. आयपॅडवर ‘ॲक्सेसिबिलिटी’मधल्या ‘टच’मध्ये ‘असिस्टिव्ह टच’ चालू केलं की स्क्रीनवर एक तरंगतं बटण येतं, आणि त्याच्या ‘डिव्हाइस’ यादीत स्क्रीन चारही बाजूंना वळवण्याचा पर्याय असतो. टॅब उचलून वळवणं ज्यांच्या हातांना जमत नाही, किंवा ज्यांचा टॅब व्हीलचेअरला पक्का बसवलेला आहे, त्यांना पान वळवायला या बटणावर एक बोट टेकवलं तरी पुरतं.